साबणाची डबी: डिशवॉशर दुरुस्तीच्या नोंदी

मशीन बारा ताटांचं, ऑगस्ट २०२० मध्ये घेतलेलं. त्या वर्षी लॉकडाऊनमुळे घरकामाच्या मावशी येऊ शकत नव्हत्या आणि आईच्या बोटांचा संधिवात नेमका तेव्हाच बळावला होता. मावशी पुढे परत आल्या, मशीन राहिलं. आज आमच्या घरात ते मिक्सरइतकंच लागतं. ते बंद पडलं की आई ओट्याशी उभी राहून गार पाण्यात हात घालते, आणि रात्री बोटं वळत नाहीत म्हणून शेकत बसते. म्हणून या दुरुस्तीच्या नोंदी तारखेनिशी ठेवते आहे.

६ जुलै २०२५, रविवार (आषाढी एकादशी)

उपासाच्या दिवशी भांडी कमी पडतात, पण साबुदाणा एकदा कढईला धरला की सुटत नाही. खिचडी, भगर, दाण्याची आमटी. दुपारी दीड वाजता मशीन लावलं, चार वाजता उघडलं. पेल्यांवर पांढुरकी साय. कढईच्या तळाला खिचडीचा थर पापडासारखा वाळून बसलेला. आणि दाराच्या आतल्या अंगाला साबणाची डबी जशी बंद केली होती तशीच बंद.

खटका अंगठ्याने दाबला. टक् करून झाकण उघडलं. आत पावडर होती तेवढीच. वरचा थर खडीसाखरेसारखा कडक, खाली कोरडी. म्हणजे दोन तास दहा मिनिटं सगळी भांडी नुसत्या गरम पाण्याने धुतली गेली.

आई काही बोलली नाही. कढई उचलून सिंककडे निघाली, ती तिच्या हातातून काढून घेतली.

७ जुलै, सोमवार

आधी सोप्या शंका निकालात काढल्या. आमच्या मशीनमध्ये झाकण खालच्या बाजूला पडतं, त्यामुळे खालच्या जाळीत पुढच्या रांगेला परात किंवा मोठं ताट उभं केलं तर झाकण त्याला अडतं. काल परात नव्हती, पुढे फक्त वाट्या होत्या. आज मुद्दाम पुढची रांग रिकामी ठेवून लावलं. झाकण उघडलं.

एकदा उघडलं म्हणून मी समाधान मानणार नाही. वही केली आहे. प्रत्येक वेळी तीन गोष्टी लिहायच्या: पुढे काय ठेवलं होतं, साबण भरताना डबी ओली होती की कोरडी, झाकण उघडलं का.

डबीचं काम कसं चालतं तेही लिहून ठेवते. मशीन पहिल्यांदा पाणी घेतं ते फक्त खरकटं खळबळून काढायला. ते पाणी बाहेर जातं. दुसऱ्यांदा घेतलेलं पाणी तापू लागतं, तेव्हा डबी उघडायची असते. आधी उघडली तर साबण पहिल्या पाण्याबरोबर गटारात जातो. उघडलीच नाही तर आषाढीसारखं होतं. हे उघडण्याचं काम झाकणाच्या मागे बसवलेली एक छोटी कॉइल करते. तिला वीज मिळाली की ती लोखंडी दांडी ओढते, खिटी सरकते आणि बाकीचं स्प्रिंग करते. काही मशीनमध्ये कॉइलच्या जागी मेणाची डबी असते: मेण तापून फुगतं आणि दांडी ढकलतं, त्याला मिनिट-दोन मिनिटं लागतात. आमच्या मशीनमध्ये टक् असा एकदम आवाज येतो, म्हणजे कॉइल.

१२ जुलै, शनिवार

वहीतून: मंगळवारी उघडलं. बुधवारी नाही. गुरुवारी उघडलं. शुक्रवारी नाही. पुढे काय ठेवलं होतं त्याचा याच्याशी मेळ बसत नाही. डबी ओली होती का, याचा थोडा बसतो. दोन्ही बंद दिवशी मी घाईत, आधीची भांडी काढल्या काढल्या, वाफ येत असतानाच रात्रीची पावडर भरली होती.

आज डबी धुवायला बसले. खालची जाळी काढली, उघड्या दारावर जुना टॉवेल पसरला, कोमट पाण्याची वाटी आणि टूथब्रश घेतला. वरवर डबी स्वच्छ दिसते, मळ सगळा बिजागरीच्या खाचेत आणि रबराच्या कडेखाली. टूथपिकने उकरलं तर भाताच्या शितांएवढे पांढरे खडे निघाले. ते वाटीत टाकले. काही पाच मिनिटांत विरघळले, तो साबण. काही तसेच राहिले, त्यांच्यावर व्हिनेगरचे दोन थेंब टाकल्यावर फसफसले. तो पाण्यातला चुना, एप्रिल-मेमधल्या टँकरचा. आमच्या सोसायटीला उन्हाळ्यात टँकर आणि बोअर, पावसाळ्यात महापालिकेचं पाणी. एकाच डबीत दोन ऋतूंचे थर सापडले.

डिशवॉशरच्या पावडरीत मोठा वाटा धुण्याच्या सोड्याचा असतो. तो हवेतला ओलावा धरून खडा होतो. जुलैत पुण्याची हवा किती दमट असते ते मिठाच्या बरणीवरूनच कळतं. त्यात मी पावडर ओल्या डबीत भरत होते. तिचा वरचा थर रबराला आणि खिटीला चिकटत होता.

आजपासून पाळायचं ते हे. भांडी काढल्यावर डबी कोरड्या फडक्याने पुसायची आणि झाकण उघडं सोडायचं. पावडर मशीन लावायच्या वेळीच भरायची. पाकीट सिंकखालून काढून काचेच्या बरणीत रिकामं केलं, झाकण घट्ट. ॲल्युमिनियमच्या डब्यात ती ठेवू नये, सोडा ॲल्युमिनियमला खातो. मशीनमध्ये घातलेली हिंडालियमची पातेली काळवंडतात, तीही याच सोड्यामुळे.

रबरावर हळदीचा पिवळा रंग चढलाय. तो जाणार नाही आणि त्याने काही बिघडतही नाही.

१७ जुलै, गुरुवार

पाच दिवस, पाच वेळा मशीन, पाचही वेळा झाकण उघडलं. आईने फोनवर मावशीला सांगितलंही की दुरुस्त झालं.

१८ जुलै, शुक्रवार

आज नाही उघडलं. डबी कोरडी होती, साबण मोकळा होता, पुढची रांग रिकामी होती.

योगायोगाने आजच सर्व्हिसचा मुलगा येणार होता, आठवड्यापूर्वी नोंदवलेली तक्रार. सभ्य मुलगा, बूट बाहेर काढून आला. दार उघडं ठेवून त्याने आतलं आवरण सोडवलं, कॉइलला थेट वीज दिली. टक्. पुन्हा दिली. टक्. सहा वेळा दिली, सहाही वेळा झाकण उघडलं. मग म्हणाला, ‘मॅडम, कधी चालतंय कधी नाही, म्हणजे आतून गेलंय. पूर्ण डिस्पेन्सरच बदला.’ भाग आणि मजुरी मिळून ४,६०० रुपये, यायला पंधरा दिवस.

मी विचारून कळवते म्हटलं. जी वस्तू सहापैकी सहा वेळा चालली तीच का बदलायची, हा प्रश्न डोक्यातून जाईना.

२० जुलै, रविवार

आज एक खूण सापडली. पहिल्याच दिवशी दिसायला हवी होती अशी.

साबणाच्या डबीशेजारीच रिन्स एडची टाकी असते. शेवटच्या खळबळीत तिच्यातून थोडा द्रव सुटतो. त्याने पाणी काचेवर थेंब न धरता घसरून जातं आणि भांडी कोरडी होतात. आमच्या मशीनमध्ये ही दोन्ही कामं एकच कॉइल करते. पहिल्या ओढीला साबणाचं झाकण, दुसऱ्या ओढीला रिन्स एड. टाकीवर एक गोल काचेचा डोळा आहे, भरलेली असली की काळा दिसतो, संपत आली की फिका.

वहीत पाहिलं. १३ जुलैला टाकी काठोकाठ भरल्याचं लिहिलं आहे. काल रात्री झाकण उघडलं नाही. आज सकाळी टाकीचं टोपण काढून काठाशी असलेल्या खुणेपर्यंत पुन्हा भरलं, लहान मुलांच्या औषधाच्या पिचकारीने मोजून. मग दुपारी मशीन लावलं. झाकण पुन्हा बंदच राहिलं. टोपण काढून पाहिलं तर पातळी खुणेवरून जराही हललेली नाही.

साबण अडकला असता, किंवा खिटी घट्ट झाली असती, तर झाकण बंद राहून रिन्स एड सुटलं असतं. दोन्ही एकदम अडली आहेत. दोन्हींना जोडणारी एकच गोष्ट म्हणजे कॉइल, किंवा कॉइलपर्यंत पोचणारी वीज. साफसफाई करायला हवीच होती, पण मूळ दुखणं ते नव्हतं. आधीचे पाच दिवस झाकण उघडलं त्याचं श्रेय मी टूथब्रशला दिलं होतं, ते वहीत खोडून टाकलं.

पेले अलीकडे थेंबांचे डाग घेऊन ओले का निघत होते, तेही आता कळलं.

२६ जुलै, शनिवार

बाबांनी विजेची जोडणी तपासायचा मीटर काढला. दापोडीच्या एस.टी. वर्कशॉपमध्ये त्यांनी सगळी नोकरी वायरिंगवर काढली. नजर आता अधू झाली आहे, पण तार बोटांत घेतली की कळते म्हणतात.

प्लग काढला, पाण्याचा नळ बंद केला. ही दोन कामं झाल्याशिवाय बाबा पेचकस हातात देत नाहीत. दाराच्या आतल्या कडेने चांदणीच्या तोंडाचे स्क्रू आहेत. शेवटचे दोन काढताना बाहेरचा पत्रा दुसऱ्या कुणीतरी धरायला हवा, नाहीतर तो पायावर येतो.

पत्रा निघाला आणि दार माझ्या हातातून सुटून धाडकन बंद झालं. दाराचं वजन तोलायला खाली दोन्ही बाजूंना स्प्रिंगा असतात, त्या पत्र्यासकट असलेल्या वजनाच्या हिशेबाने ताणलेल्या. पत्रा गेला की दार हलकं होतं आणि स्प्रिंग त्याला ओढून घेते. बोट मध्ये नव्हतं. हे काम करणाऱ्याने दारावर आधी पाण्याची भरलेली पाच लिटरची बाटली आडवी ठेवावी. आम्ही नंतर तेच केलं.

आत डबीची पाठ दिसते. काड्यापेटीएवढी कॉइल, तिच्यातून निघणारी दांडी, दांडीच्या टोकाला पांढऱ्या प्लास्टिकचं दातेरी चाक. पहिल्या-दुसऱ्या ओढीचा हिशेब हे चाक ठेवतं. कॉइलच्या दोन पिनांवरून वायरी सोडवून मीटर लावला: १.६८ किलोओहम. कॉइल तुटलेली असती तर आकडाच आला नसता. हेअर ड्रायरने पाच मिनिटं तापवून पुन्हा मोजलं, कारण चालताना मशीन आतून तापलेलं असतं. आकडा थोडा चढला, तुटला नाही. गार झाल्यावर परत १.६८. कॉइल निर्दोष आहे.

दांडी हाताने ओढून पाहिली, सरळ जाते. चाकात जुन्या साबणाची धूळ होती ती ब्रशने झाडली. बाबा म्हणाले, रबराला थोडं व्हॅसलीन लाव. लावलं नाही. पेट्रोलियमपासून बनलेलं काही लागलं की असल्या बऱ्याच रबरांना फुगवटा येतो आणि झाकण बसेनासं होतं. खोबरेल तेलही नको, ते खवटतं. सिलिकॉन ग्रीस आणायचं ठरलं. बाबांना ते पटलं, कारण एस.टी.च्या ब्रेकच्या रबरांनाही ते साधं ग्रीस लावू देत नसत.

संध्याकाळ झाली. दोष सापडला नाही. पत्रा लावून ठेवला.

२७ जुलै, रविवार

सकाळी चहा पिता पिता बाबांनी विचारलं, ‘त्या मुलाने कॉइल तपासली तेव्हा दार कसं होतं?’

उघडं.

‘आणि काल आपण?’

उघडं.

‘आणि ती काम करते तेव्हा?’

मी कप खाली ठेवला.

बॉनेट उघडून दिवा लावला की लागतो, बॉनेट मिटलं की जातो, असे किती तरी दिवे त्यांनी एस.टी.त दुरुस्त केले होते. वायर तुटते ती बिजागरीपाशी. बाहेरचं प्लास्टिक शाबूत राहतं, आतलं तांबं रोजच्या वाकण्याने एकेक तार करून तुटत जातं. शेवटी दोन टोकं एकमेकांना नुसती टेकून राहतात. वाकवली तर टेकतात, सरळ केली तर सुटतात. कधी उलटही.

आमच्या मशीनचं मुख्य सर्किट तळाशी आहे, दारात नाही. म्हणजे कॉइलची वायर तळातून निघून दाराच्या बिजागरीवरून वर जाते. दिवसातून आठ-दहा वेळा दार उघडझाप धरली तरी पाच वर्षांत पंधरा ते अठरा हजार वेळा ती तिथे वाकली आहे.

प्लग काढलेलाच होता. या वेळी दाराच्या पत्र्याला हात लावला नाही. फक्त खालची पट्टी सोडवली, आडवी झोपले, टॉर्च लावून तळातला जोड शोधला. कॉइलच्या दोन वायरींचा जोड सर्किटवरून उपसून त्याच्या टोकांना मीटरच्या क्लिपा लावल्या. दार पूर्ण उघडं: १.६८. बाबांनी दार सावकाश वर उचलायला सुरुवात केली. १.६८. १.६८. अर्ध्यावर, अजून १.६८. दोन-तृतीयांशाच्या पुढे आकडा एकदम उडाला, मीटरवर अनंत. दार थोडं खाली घेतलं, परत आला. पुन्हा वर, गेला. पूर्ण मिटल्यावर कधी येई, कधी नाही. दारावर हाताने थोपटलं तरी बदले.

तेच आमचं ‘कधी चालतं, कधी नाही’.

बिजागरीजवळची काळी नळी चिरून वायर बाहेर काढली. तपकिरी वायरीचं प्लास्टिक एका जागी थोडं पांढुरकं झालं होतं, नख मोडून पाहावं तसं. ब्लेडने सोललं तर आत तांब्याच्या तारा हिरवट, आणि सोळा-सतरांपैकी एकही सलग नाही. बाबांनी ते दोन इंच कापून माझ्या हातावर ठेवलं. ४,६०० रुपयांची डबी बदलली असती तरी हीच वायर तिला जोडली गेली असती.

सर्व्हिसच्या मुलाला फोन करून सांगितलं. त्याने दोनदा विचारून नीट समजून घेतलं, पुढच्या घरी आधी दार मिटून मोजेन म्हणाला.

२ ऑगस्ट, शनिवार

तापकीर गल्लीत, विजेच्या सामानाच्या बाजारात, गेले होते. सिलिकॉनच्या आवरणाची मऊ, बारीक तारांची वायर दोन मीटर, आकसणाऱ्या नळ्या, नायलॉनच्या पट्ट्या, सिलिकॉन ग्रीसची छोटी ट्यूब. सगळं मिळून ३४० रुपये. साधी पीव्हीसी वायर स्वस्त पडते, पण वाकण्याच्या जागी आणि उष्णतेजवळ सिलिकॉनचीच घ्यावी. विकणाऱ्याने काम विचारून स्वतःच तसं सांगितलं.

जोड कुठे द्यायचा यावर आम्ही बराच वेळ बोललो. तुटलेल्या जागीच डाग देणं (सोल्डर करणं) सर्वांत सोपं, आणि सर्वांत चुकीचं. डाग दिलेली वायर तेवढ्या भागात कडक होते, मग वाकण सगळं डागाच्या कडेला येतं आणि वर्षभरात तिथे तुटते. म्हणून बिजागरीवरून जाणारा पूर्ण तुकडा नवा टाकला. एक सांधा दाराच्या आत, जिथे काही हलत नाही. दुसरा तळात, पाण्याच्या पातळीच्या वर. मध्ये एकही सांधा नाही. तपकिरीच तुटली होती, पण निळीही तितकीच वाकली आहे, म्हणून दोन्ही बदलल्या.

लांबी मूळ वायरीपेक्षा चार बोटं जास्त ठेवली आणि बिजागरीपाशी सैल वळण दिलं. आता दार उघडताना वाकण एका टोकावर न येता वळणभर वाटलं जातं. बाबांनी डोळे मिटून वायर बोटांतून फिरवली, दार दोनदा उघडझाप करवलं, मग म्हणाले, ‘ओढ लागत नाही. बांध आता.’

दार पन्नास वेळा उघडलं-मिटलं, मीटर तळाशी लावलेला. १.६८, एकदाही न हलता. हे मोजणं आईने केलं, मोठ्याने आकडे म्हणत.

झाकणाच्या रबराला ग्रीस नखाएवढंच लावलं, बोटाने पसरून फडक्याने पुसून घेतलं. रबर चमकलं पाहिजे, ग्रीस दिसता कामा नये.

१० ऑगस्ट, रविवार

आठवड्यात नऊ वेळा लावलं, नऊ वेळा उघडलं. काल राखीपौर्णिमेला भाऊ-वहिनी आले होते, नारळीभाताचं पातेलं धरून सगळं निघालं. पेले कोरडे. रिन्स एडची पातळीही उतरते आहे. आज टाकी पुन्हा भरली, टोपीची रिंग काढून धुतली.

१७ ऑगस्ट, रविवार

तळाशी फेस. दार उघडलं तर जाळीच्या खाली साबणाचे फुगे, आणि पाणी पूर्ण उपसलं गेलेलं नाही. फेस झाला की पंपाला पाणी धरता येत नाही.

घरात कुणी भांड्यांचा नेहमीचा लिक्विड साबण घातला का, हे आधी विचारलं, कारण त्याच्या एका चमच्यानेही असाच फेस होतो. नाही. मग रिन्स एडच्या टाकीचा डोळा पाहिला. भरून सात दिवस झाले आणि फिका पडलाय. एरवी ती महिनाभर जाते.

टोपी काढली. रिंगेला पीळ पडला होता. मागच्या रविवारी मीच धुऊन बसवताना ती एका जागी खाचेबाहेर राहिली. दार मिटलं की टाकी उभी होते आणि तिथून द्रव हळूहळू पाझरतो. तो मशीनच्या तळाशी साठला आणि पुढच्या वेळी पहिल्या पाण्यातच त्याचा फेस झाला.

रिंग सपाट बसवली. सगळीकडून सारखी दिसते का हे प्रकाशाला धरून पाहिलं. टोपी घट्ट, खुणेपर्यंत. दारावर सांडलेलं ओल्या फडक्याने पुसलं, कारण तेवढंही फेसाला पुरतं. रिकामं मशीन दोनदा खळबळून काढलं. दर वेळी रिन्स एड किती सुटावं त्याचा आकडा पाचावर होता, तीनवर आणला. फरक दिसला तर पाहू.

२४ ऑगस्ट, रविवार

परवा-तेरवा गौरी-गणपतीची तयारी सुरू होईल, त्याआधी पाण्याचं बघून घेतलं. मत्स्यालयाच्या दुकानात पाण्याचा कठीणपणा मोजायच्या पट्ट्या मिळतात. आजचं नळाचं पाणी ५० ते १००च्या मध्ये, मिलिग्रॅम प्रति लिटर. मेमध्ये टँकरचं पाणी बाटलीत भरून ठेवलेलं होतं, त्याची पट्टी ३५०च्या पुढच्या रंगावर गेली. पिण्याच्या पाण्याच्या भारतीय मानकात २०० ही स्वीकार्य मर्यादा आहे, दुसरा स्रोतच नसेल तर ६०० पर्यंत चालवून घेतात. मशीनच्या पुस्तिकेत आकडे जर्मन अंशांत दिलेत: एक अंश म्हणजे १७.८ मिलिग्रॅम प्रति लिटर. म्हणजे आमचं पाणी उन्हाळ्यात वीस अंशांच्या घरात, पावसाळ्यात सहा अंशांच्या आत.

मशीन मिठाच्या टाकीच्या मदतीने पाणी मऊ करून घेतं, आणि किती मऊ करायचं ते त्यात लावलेल्या कठीणपणाच्या आकड्यावर ठरतं. आम्ही मात्र पाच वर्षं बारा महिने ते एकाच आकड्यावर ठेवलं होतं. उन्हाळ्यात तो आकडा कमी पडला म्हणून डबीच्या कडेला चुना बसला. पावसाळ्यात जास्त झाला. अती मऊ पाणी आणि सोडा मिळून काच हळूहळू झिजते, आणि ती झीज व्हिनेगरने जात नाही. पेल्यांवर जी साय दिसत होती तिच्यातली काही व्हिनेगरने गेली. दोन पेल्यांवरची गेली नाही. ती काच झिजली आहे.

आता कठीणपणाचा आकडा वर्षातून दोनदा बदलायचा, टँकर सुरू झाला की आणि थांबला की. मिठाच्या टाकीत डिशवॉशरचंच जाड मीठ. जेवणातल्या मिठात ते मोकळं राहावं म्हणून घातलेले पदार्थ असतात, त्यांनी टाकी बुजते. मीठ सांडलं तर लगेच मशीन लावायचं, नाहीतर स्टीलवर गंजाचे टिपके पडतात.

२ सप्टेंबर, मंगळवार (गौरी विसर्जन)

२७ ऑगस्टपासून आजपर्यंत १४ वेळा लावलं. चौदाही वेळा उघडलं. काल गौरीपूजनाला सतरा पानं, पुरणपोळी, सोळा भाज्या. पितळेची पूजेची भांडी चिंचेने हातानेच घासली, ती मशीनमध्ये कधी घालत नाही. पुरणयंत्र ॲल्युमिनियमचं, तेही हातानेच. बाकी सगळं दोन खेपांत.

काल रात्री साडेदहाला आई गौरीसमोर बसून वाती वळत होती. दिवसभर स्वयंपाक करूनही बोटं वळत होती. नोंद म्हणून लिहिते आहे.

९ नोव्हेंबर, रविवार

दिवाळी झाली. फराळाच्या तळणीची कढई गेल्या महिन्यात अनेकदा मशीनमध्ये गेली, त्यामुळे झाकणाच्या रबराच्या खाली तेलाचा चिकट थर. कोमट पाणी आणि थोडा सोडा लावून पुसला. गाळणी काढली, आत चकलीचा चुरा.

खालची पट्टी सोडवून वायरीचं वळण पाहिलं. नायलॉनची एक पट्टी पत्र्याच्या धारेला घासत होती. तिच्याखाली रबरी नळीचा तुकडा चिरून घातला. मीटर: १.६८.

पावडरीची बरणी अजून मोकळी आहे. हवा कोरडी झाली, तरी पावडर आयत्या वेळीच भरायची सवय राहिली आहे, आईलाही.

११ जानेवारी २०२६, रविवार

सहामाही तपासणी. दार दहा वेळा उघडझाप, मीटर स्थिर. झाकणाची स्प्रिंग मोकळी. रिन्स एडच्या टोपीची रिंग बोटाने दाबली तर थोडी कडक लागते, नवीन घेऊन ठेवायची, मार्चमध्ये बदलायची. त्याच वेळी टँकर सुरू झाला का ते सोसायटीत विचारून कठीणपणाचा आकडा वाढवायचा.

कापलेला दोन इंची वायरीचा तुकडा बाबांनी पाकिटात घालून, त्यावर तारीख लिहून, मीटरच्या डब्यात ठेवला आहे.